लायसनची मुदत संपली आहे? गाडी बाहेर काढण्याआधी विचारले जाणारे प्रश्न

साताऱ्यात आमचं मोटार ड्रायव्हिंग स्कूल आहे. गाडी शिकायला येणाऱ्यांच्या बरोबरीने हल्ली "जरा माझं लायसन बघता का" म्हणत येणारेही वाढलेत, आणि त्याला कारण आहे. जुन्या नियमाप्रमाणे पहिलं पक्कं लायसन २० वर्षांसाठी किंवा वयाची ५० वर्षं पूर्ण होईपर्यंत, यातलं जे आधी येईल तोवर मिळायचं. २००६ साली कॉलेजात असताना ज्यांनी लायसन काढलं, त्यांची वीस वर्षं २०२६ मध्ये भरतात. एवढ्या वर्षांत कार्ड पाकिटातून कधी बाहेरच आलेलं नसतं. कोणी तारीख पाहिलेली नसते, तारीख जवळ आल्याची आठवण कोणी करून दिलेली नसते, आणि गाडी तर रोज चालूच असते. अशा लोकांकडून जे प्रश्न पुन्हा पुन्हा ऐकायला मिळतात ते इथे एकत्र केले आहेत. उत्तर वाचण्याआधी एक करा: पाकीट उघडा, कार्ड हातात घ्या आणि तारीख वाचा.

मुदत संपून दोनच आठवडे झालेत. तीस दिवस चालतं ना?

नाही चालत. सगळ्यात जास्त लोक याच समजुतीत फसतात, म्हणून हा प्रश्न पहिला घेतला. मोटार वाहन कायदा १९८८ च्या कलम १४ मध्ये पूर्वी खरोखरच अशी तरतूद होती की मुदत संपल्यावरही लायसन ३० दिवस प्रभावी राहील. २०१९ च्या दुरुस्तीने ती काढून टाकली. ही दुरुस्ती १ सप्टेंबर २०१९ पासून लागू आहे. कार्डावर ज्या दिवसाची तारीख आहे तो दिवस संपला की लायसन संपलं. दुसऱ्या दिवशी सकाळी मुलाला शाळेत सोडायला काढलेली स्कूटरही बिनालायसनचीच.

तीस दिवसांची गोष्ट अजून लोकांच्या तोंडी आहे, कारण आपल्या वडिलांच्या, काकांच्या काळात ती खरी होती. आजही कुणी ठामपणे सांगितली तर तारखेवर विश्वास ठेवा, सांगणाऱ्यावर नको.

माझ्या कार्डावर दोन तारखा आहेत. कोणती धरायची?

स्मार्ट कार्डावर 'एनटी' आणि 'टीआर' अशा दोन मुदती छापलेल्या असतात. एनटी म्हणजे खासगी वापराची वाहनं, टीआर म्हणजे प्रवासी किंवा माल वाहून नेणारी व्यावसायिक वाहनं. ज्यांच्याकडे फक्त स्कूटर-कारचं लायसन आहे त्यांच्या कार्डावर टीआरची जागा रिकामी असते. रिक्षा, टॅक्सी, टेम्पो, ट्रक, स्कूल व्हॅन चालवणाऱ्यांनी मात्र दोन्ही तारखा पाहायला हव्यात.

आमच्याकडे एक व्हॅनवाले अण्णा आले होते, कार्डावर बॅजची, म्हणजे प्रवासी गाडी चालवायच्या अधिकाराची, नोंद करायला. कार्ड टेबलावर ठेवलं तर एनटीची तारीख अजून सहा वर्षं लांब, आणि टीआरची चार महिन्यांपूर्वीच गेलेली. ते रोज चौदा मुलं शाळेत पोचवत होते. त्यांचा काहीही लबाडीचा हेतू नव्हता, वरची तारीख वाचून ते निश्चिंत होते. टीआर संपलेली असली तर स्वतःची कार चालवता येते, पण टीआर लागणारी भाड्याची गाडी नाही. त्यांनी त्या दुपारपासून व्हॅन भाच्याच्या हातात दिली आणि दुसऱ्या दिवशी अर्ज भरला. मला त्या चार महिन्यांचा विचार अजूनही अस्वस्थ करतो.

लायसनची मुदत असते तरी किती?

२०१९ नंतर काढलेल्या किंवा रिन्यू केलेल्या खासगी लायसनची मुदत वयावर ठरते. वय ३० च्या आत असेल तर ४० वर्षं पूर्ण होईपर्यंत. ३० ते ५० मध्ये असेल तर दहा वर्षं. ५० ते ५५ मध्ये असेल तर वयाच्या साठीपर्यंत. ५५ नंतर दर वेळी पाच वर्षं. व्यावसायिक लायसन पाच वर्षांचं असतं (पूर्वी तीन होतं), आणि धोकादायक माल वाहणाऱ्या चालकांना तीन वर्षांचं मिळतं. रिन्यू करताना या चालकांना एक दिवसाचा उजळणी वर्ग करावा लागतो.

२०१९ आधी मिळालेलं लायसन कार्डावर छापलेल्या तारखेपर्यंत चालतं. शिकाऊ लायसन सहा महिन्यांचं असतं, तेही संपतं, हे नव्या मुलांनी ध्यानात ठेवावं.

ट्रॅफिक पोलिसाने अडवलं तर नेमकं काय होतं?

कायद्याच्या कलम ३ मध्ये शब्द आहेत 'प्रभावी' लायसन. मुदत संपलेलं लायसन प्रभावी नसतं, त्यामुळे 'कधी काढलंच नाही' आणि 'काढलं होतं पण संपलं' यात दंडाच्या दृष्टीने फरक राहत नाही. कलम १८१ खाली शिक्षा आहे पाच हजार रुपये दंड किंवा तीन महिन्यांपर्यंत कैद, किंवा दोन्ही. २०१९ आधी हाच दंड पाचशे रुपये होता. महाराष्ट्रात वाढीव तडजोड शुल्क (कोर्टात न जाता भरायचा दंड) डिसेंबर २०२१ पासून लागू झालं, तेव्हापासून इथेही आकडा पाच हजारांचाच आहे.

सहसा ई-चलान होतं, शुल्क भरलं की ते प्रकरण मिटतं. पण कलम २०७ प्रमाणे विनालायसन चालवलं जाणारं वाहन जागेवर अडकवून ठेवायचाही पोलिसांना अधिकार आहे. घरची माणसं मागच्या सीटवर, रात्रीची वेळ, आणि गाडी चौकीत लावावी लागली, तर पाच हजारांपेक्षा तो मनस्ताप मोठा होतो. अशा वेळी हुज्जत घालू नका. वैध लायसन असलेलं कोणी सोबत असेल तर गाडी त्यांच्या हातात द्यायची तयारी दाखवा.

आणि एक: चलान भरलं म्हणजे पुढचे काही दिवस चालवायची परवानगी मिळाली असं नाही. त्याच संध्याकाळी पुढच्या चौकात पुन्हा चलान होऊ शकतं.

लायसन वैध आहे, पण घरी राहिलं. तेही पाच हजारांचं प्रकरण का?

नाही. लायसनच नसणं वेगळं आणि ते जवळ नसणं वेगळं. डिजीलॉकर किंवा एमपरिवहन ॲपमधलं लायसन मूळ कागदाइतकंच ग्राह्य धरलं जातं, ते दाखवा. मोबाईलमध्ये काढलेला कार्डाचा फोटो मात्र त्यात बसत नाही.

अपघात झाला तर विमा मिळेल का?

माझ्या मते या पानावरचा खरा प्रश्न हाच. पाच हजारांचा दंड माणूस भरतो आणि विसरतो. मुदत संपलेल्या काळात अपघात झाला तर मात्र घर हलू शकतं. विम्याचे तीन भाग वेगवेगळे समजून घ्या.

पहिला भाग तुमच्या स्वतःच्या गाडीच्या नुकसानीचा, ज्याला ओन डॅमेज म्हणतात. पॉलिसीत चालकाविषयीची अट असते: अपघाताच्या वेळी चालवणाऱ्याकडे प्रभावी लायसन हवं. ते नसेल तर कंपनी दावा नाकारू शकते, आणि नाकारते.

आमच्या धाकट्या मामांचं सांगतो. वाईहून पाचगणीकडे पसरणी घाट चढताना, पावसात, वळणावर गाडी घसरली आणि कठड्याला घासत गेली. कोणाला लागलं नाही, देवाची कृपा. गॅरेजमध्ये विमा कंपनीचे नुकसान तपासणारे सर्व्हेअर आले, त्यांनी आधी गाडीचे फोटो काढले आणि मग लायसनच्या दोन्ही बाजूंचे. मुदत संपून सतरा दिवस झाले होते. मामांना वाटलं, तीस दिवसांच्या आत आहे, काही होणार नाही. तिसऱ्या दिवशी त्यांनी नूतनीकरणाचा अर्ज भरला, पुढे नवं कार्ड आल्यावर त्याची प्रत कंपनीला पाठवली. कंपनीचं पत्र आलं: अपघाताच्या दिवशी चालकाकडे प्रभावी लायसन नव्हतं. चौसष्ट हजारांचं बिल मामांनी पदरचं भरलं. चाळीस वर्षांत एकही अपघात नसलेला माणूस. ते पत्र त्यांनी माझ्या हातात दिलं तेव्हा त्यांना पैशांपेक्षा 'माझ्याकडे लायसन नव्हतं' हे वाक्य जास्त लागलं होतं.

या पत्रातली गोम अशी की नवं कार्ड मागच्या तारखेपासून लागू होत नाही. कलम १५ प्रमाणे उशिरा केलेलं नूतनीकरण हे नूतनीकरणाच्या तारखेपासूनच धरलं जातं. मधले दिवस कायमचे रिकामे राहतात. नंतर कितीही शुल्क भरलं तरी ते भरून निघत नाहीत.

दुसरा भाग समोरच्याला झालेल्या इजेचा, म्हणजे थर्ड पार्टी. इथे कायदा अपघातग्रस्ताच्या बाजूने उभा आहे. सर्वोच्च न्यायालयाने २००४ साली स्वरन सिंग प्रकरणात सांगितलं की चालकाकडे वैध लायसन नव्हतं एवढ्यानेच विमा कंपनी हात झटकू शकत नाही. मालकाने वाजवी काळजी घेतली नाही हे कंपनीला सिद्ध करावं लागतं, आणि ते सिद्ध झालं तरी अपघात भरपाईचे दावे ऐकणारं न्यायाधिकरण कंपनीला आधी जखमीला पैसे द्यायला लावून नंतर ते मालकाकडून वसूल करायची मुभा देऊ शकतं. जखमी माणसासाठी हे योग्यच आहे. पण त्याचा अर्थ तुमच्यासाठी काय ते ओळखा: मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाने लाखो रुपयांची भरपाई ठरवली, कंपनीने ती दिली, आणि मग तीच कंपनी तुमच्या घराच्या दाराशी आली. जमिनीवर, पगारावर टाच येऊ शकते.

तिसरा भाग गाडीमालकाच्या स्वतःच्या अपघाती मृत्यूचा किंवा कायमच्या अपंगत्वाचा. पॉलिसीबरोबर मालक-चालकासाठी पंधरा लाखांचं वैयक्तिक अपघात संरक्षण घेतलेलं असतं. तेही प्रभावी लायसन असलेल्या मालकासाठीच आहे. घरातला कमावता माणूस गेल्यावर हा दावा कार्डावरच्या एका तारखेमुळे अडकावा, यापेक्षा वाईट काय असेल? म्हणून सांगतो, हा विषय दंडाचा नाही.

चूक समोरच्याची होती. माझं लायसन संपलेलं होतं म्हणून दोष माझ्यावर येईल का?

आपोआप येत नाही. लायसन नसणं हा वेगळा गुन्हा आहे, आणि अपघातातला निष्काळजीपणा वेगळा सिद्ध करावा लागतो. सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली हे स्पष्ट केलं आहे की केवळ लायसन नव्हतं म्हणून जखमी चालकाचाही अपघातात वाटा होता असं धरता येत नाही. तुम्ही आपल्या बाजूने नीट चालला होतात आणि मागून कोणी ठोकलं, तर तुमचा भरपाईचा हक्क शिल्लक राहतो. कलम १८१ चा दंड मात्र वेगळा लागू शकतो. पोलीस पंचनामा, जागेचे फोटो, साक्षीदारांचे नंबर हे सगळं नेहमीपेक्षा जास्त नीट जपा, कारण समोरचा वकील पहिला मुद्दा तुमच्या लायसनचाच काढणार.

गाडी माझी, चालवत होता मित्र. त्याचं लायसन संपलेलं होतं. मला काय?

तुम्हालाही. कलम ५ प्रमाणे वैध लायसन नसलेल्याला गाडी चालवू देणं हा मालकाचा गुन्हा आहे, आणि कलम १८० खाली त्याला वेगळा पाच हजारांचा दंड किंवा तीन महिन्यांपर्यंत कैद, किंवा दोन्ही आहे. किल्ली देताना लायसन मागितलं तर मित्राला राग येईल असं वाटतं. मागा तरी. भाऊ असला तरी मागा.

ड्रायव्हर ठेवणाऱ्यांची जबाबदारी तर याहून मोठी. २०२० साली सर्वोच्च न्यायालयापुढे असं एक प्रकरण आलं: ट्रकचालकाला अपघातात इजा झाली तेव्हा त्याच्या लायसनची मुदत संपून जवळजवळ तीन वर्षं झाली होती. नोकरीला ठेवताना मालकाने लायसन पाहिलं होतं, पुढे कधी विचारलं नाही. न्यायालय म्हणालं की लायसन वेळेवर रिन्यू होतंय का हे पाहणं ही मालकाची किमान काळजी आहे. भरपाईचा भार मालकावर पडला, विमा कंपनी सुटली.

टेम्पो, ट्रॅव्हल्स, बागायतीचा माल नेणाऱ्या गाड्या चालवणाऱ्या आपल्याकडच्या छोट्या मालकांना मी नेहमी म्हणतो, पीयूसी आणि पॉलिसीच्या तारखा जशा वहीत लिहिता तशी ड्रायव्हरच्या टीआरचीही लिहा. वहीच्या त्याच पानावर.

रिन्यू कधी करता येतं? मुदत संपायची वाट पाहायची का?

वाट पाहू नका. मुदत संपण्याच्या एक वर्ष आधीपासून अर्ज करता येतो. नव्या मुदतीची मोजणी नूतनीकरणाच्या दिवसापासून होते, त्यामुळे फार आधी केलं तर जुन्या मुदतीतले काही महिने वाया गेल्यासारखे वाटतात. माझा सल्ला असा की संपण्याआधी दोन महिने अर्ज भरा. त्यात डॉक्टरांचा दाखला, सर्व्हरची गडबड, अर्जातली एखादी चूक, सगळं सामावून जातं.

मुदत संपून वर्ष होऊन गेलं. आता?

एका वर्षाच्या आत अर्ज केला तर परीक्षा न देता रिन्यू होतं. एक वर्ष उलटलं की पुन्हा वाहन चालवण्याची परीक्षा देऊन पास व्हावं लागतं. पूर्वी ही मर्यादा पाच वर्षांची होती, २०१९ मध्ये ती एकावर आली. पाच वर्षं म्हणून निर्धास्त राहिलेले बरेच जण आमच्याकडे ट्रॅकच्या सरावाला येतात. पंचवीस वर्षं गाडी चालवणारी माणसं, पण दुचाकीचा आठचा आकडा पाय न टेकवता पूर्ण करायचा म्हटलं की घाम फुटतो. सवयीचं वळण आणि आखलेल्या ट्रॅकवरचं वळण यात फार फरक असतो. दोन-तीन दिवस सराव करून मगच मोटार वाहन निरीक्षकांपुढे जा.

परीक्षा पास होऊन नवं लायसन हातात येईपर्यंत गाडी रस्त्यावर नेऊ नका. परीक्षेच्या दिवशी आरटीओपर्यंत स्वतः चालवत जाऊन तिथेच चलान झालेले लोक मी पाहिलेत.

अर्ज कसा करायचा? आरटीओत जावंच लागतं का?

बहुतेक वेळा जावं लागत नाही. 'सारथी परिवहन' या सरकारी संकेतस्थळावर महाराष्ट्र निवडायचं, ड्रायव्हिंग लायसनच्या सेवांमधून नूतनीकरण उघडायचं, लायसन नंबर आणि जन्मतारीख टाकायची. आधारच्या ओटीपीने ओळख पटवली तर काम घरबसल्या होतं, यालाच फेसलेस सेवा म्हणतात. त्यासाठी आधारला चालू मोबाईल नंबर जोडलेला हवा. कितीतरी ज्येष्ठ मंडळींचं काम इथेच अडतं, कारण नंबर दहा वर्षांपूर्वीचा असतो. आधी तो बदलून घ्या.

प्रकृतीविषयीची स्वयंघोषणा म्हणजे फॉर्म १ सगळ्यांनाच भरावा लागतो. वय चाळिशीच्या पुढे असेल किंवा व्यावसायिक लायसन असेल तर डॉक्टरांचा दाखला, म्हणजे फॉर्म १ए लागतो. डॉक्टरांनी नजर खरोखर तपासावी यासाठी आग्रह धरा. न पाहता सही करणाऱ्याकडे गेलात तर फसवणूक तुमची स्वतःचीच होते. चाळिशीनंतर रात्रीचं दिसणं हळूहळू कमी होतं आणि ते स्वतःच्या लक्षात येत नाही. मी स्वतः दोन वर्षांपूर्वी याच दाखल्याच्या निमित्ताने चष्मा लावला.

पत्ता बदलला असेल तर त्याच वेळी तोही बदलून घ्या. लायसन कोल्हापूरच्या आरटीओचं आहे आणि राहता पुण्यात, तरी नूतनीकरणासाठी कोल्हापूरला जावं लागत नाही.

खर्च किती येतो? एजंट तीन हजार मागतोय.

केंद्रीय नियमांत नूतनीकरणाचं शुल्क २०० रुपये आहे आणि स्मार्ट कार्डाचे आणखी २०० रुपये. त्यावर टपालाचा किरकोळ खर्च आणि डॉक्टरांची फी. उशीर झाला तर शुल्क ३०० रुपये होतं आणि उशिराच्या दर वर्षासाठी किंवा वर्षाच्या भागासाठी एक हजार रुपये जादा लागतात. पोर्टलवर तुमचा नेमका आकडा दिसतो, तेवढाच भरायचा, पावती जपून ठेवायची.

आम्हीही लोकांचे अर्ज भरून देतो, म्हणून हे सांगायला मला संकोच वाटत नाही: ज्याला फोनवरून वीजबिल भरता येतं त्याला हा अर्जही भरता येतो. जमत नसेल तर घरातल्या कॉलेजच्या मुलामुलीला सोबत बसवा.

माझ्या सासऱ्यांचं वय ७१ आहे. त्यांना लायसन मिळेल का?

मिळेल. कायद्यात वयाची वरची मर्यादा नाही. दर पाच वर्षांनी नूतनीकरण आणि डॉक्टरांचा दाखला एवढीच अट. पण हा प्रश्न विचारणाऱ्या सुनेच्या आवाजात काळजी होती, ती मला कळली. दाखल्याच्या निमित्ताने त्यांची नजर, कान आणि मान वळवून मागे पाहण्याची क्षमता या तीन गोष्टी नीट तपासून घ्या. बाजारापर्यंत दिवसा स्कूटर चालवणं आणि रात्री महामार्गावर कार नेणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि लायसन चालू असूनही दुसरी सोडून देता येते. ते त्यांच्याशी मानाने बोलून ठरवा. किल्ली लपवू नका.

माझं लायसन जुनं, पुस्तकी आहे. पोर्टलवर नंबरच सापडत नाही.

संगणकावर नोंद होण्याआधीची पुस्तकी लायसन्स अजून बऱ्याच घरांत आहेत. ती सारथीवर दिसत नाहीत, कारण त्यांची बॅकलॉग नोंद, म्हणजे जुन्या लायसनची मागाहून केलेली संगणकावरची नोंद, झालेली नसते. मूळ पुस्तक घेऊन ज्या आरटीओने ते दिलं तिथे ही नोंद करून घ्यावी लागते, मग पुढचा अर्ज ऑनलाइन होतो. या कामाला वेळ लागतो, तेव्हा मुदत जवळ आली असेल तर आधी हेच हातात घ्या. पुस्तकाची पानं सुटी झाली असतील तर चिकटपट्टी लावण्याआधी प्रत्येक पानाची झेरॉक्स काढा, शिक्क्यांवरची शाई चिकटपट्टीबरोबर निघून येते.

मुलगा परदेशात आहे, त्याचं भारतातलं लायसन तिथे असतानाच संपतंय.

सुट्टीला घरी येईल तेव्हा आटोपून घ्या. एक वर्ष आधी अर्ज करता येतो ही तरतूद अशांच्या फार उपयोगाची आहे. दिवाळीला आला आणि मुदत पुढच्या ऑगस्टमध्ये संपते आहे, तर दिवाळीतच रिन्यू करायचं. परदेशात गाडी चालवायचा आंतरराष्ट्रीय परवाना वैध भारतीय लायसनवरच मिळतो आणि जास्तीत जास्त एक वर्ष चालतो. भारतीय लायसन आधी संपलं तर परवानाही त्याच दिवशी संपतो. परदेशात असताना हा आंतरराष्ट्रीय परवाना संपला तर २०२१ पासून तिथल्या भारतीय दूतावासामार्फत त्याच्या नूतनीकरणाचा अर्ज करता येतो, पण ती सोय परवान्यापुरतीच आहे.

गोव्याला जाऊन भाड्याची स्कूटर घेणार आहोत. तिथे कोण बघतं?

कायदा केंद्राचा आहे, तोच गोव्यातही लागू आहे. महाराष्ट्राचं वैध लायसन देशभर चालतं, आणि संपलेलं कुठेच चालत नाही. भाड्याची गाडी दुसऱ्याच्या मालकीची असते, म्हणजे तुमच्यामुळे तोही कलम १८० मध्ये अडकतो. निघण्याआधी ग्रुपमधल्या प्रत्येकाची तारीख बघा आणि ज्याचं लायसन चालू आहे त्यालाच गाडी चालवू द्या.

लायसन रिन्यू होईपर्यंत इलेक्ट्रिक स्कूटर चालवली तर?

मोटरची शक्ती २५० वॉटच्या आत आणि कमाल वेग ताशी २५ किलोमीटरच्या आत असेल, तरच त्या गाडीला लायसन लागत नाही. बाजारात सध्या जास्त खपणाऱ्या ई-स्कूटर याहून वेगवान आहेत, त्यांना लायसन लागतंच. नंबर प्लेट असेल तर लायसनही लागेल असं समजा.

अर्ज भरला, पैसे भरले, पावती आहे. कार्ड यायचंय. आता चालवू?

पावती म्हणजे लायसन नव्हे. अर्ज मंजूर झाला का ते सारथीवर अर्ज क्रमांक टाकून पाहा. मंजुरी झाली की नवी मुदत डिजीलॉकरमध्ये आणि एमपरिवहनवर दिसू लागते, कार्ड नंतर स्पीड पोस्टाने येतं. ॲपमध्ये नवी तारीख दिसली की गाडी काढा, कार्डासाठी अडून राहू नका. तोपर्यंत एसटी आहे, रिक्षा आहे, शेजाऱ्यांची गाडी आहे. आमच्या मामांनी त्या वेळी नऊ दिवस बाजारहाट चालत जाऊन केला, आणि आता घरातल्या सगळ्यांच्या लायसनच्या तारखा त्यांनी कॅलेंडरच्या मागच्या बाजूला लिहून ठेवल्या आहेत, माझीसुद्धा.